मुकुटाशिवायचे आबा

आयुष्यभर दुसऱ्यांना कॅमेऱ्यात धरणाऱ्या माणसाला निरोप देताना फ्लेक्सवर त्याचा कोणता फोटो लावायचा?

मला उत्तर माहीत नव्हतं. घरातली पहिली ग्रॅज्युएट मी, म्हणून काकांनी हे काम माझ्याकडे दिलं.

परवा आबा गेले. माझे आजोबा.

घरात त्यांचा एकच मोठा फोटो. नऊ वर्षांचे आबा, डोक्यावर मुकुट, हातात बासरी.

पन्नासच्या दशकात एका सिनेमात ते बाळकृष्ण झाले होते. आम्ही दौंडचे ख्रिस्ती. चर्चमध्ये गाणाऱ्या पोराचा गोड चेहरा कुणा सिनेमावाल्याने हेरला.

सिनेमा शिरूरला तंबूत लागला. तंबूवाल्याने आबांना मुकुट घालून पडद्याशेजारी बसवलं. बाया रांगेनं पाया पडू लागल्या.

"मावशे, मी ख्रिश्चन हाय," आबा रडकुंडीला आले.

"देवाला जात असती व्हय?" म्हातारी म्हणाली आणि पुन्हा वाकली.

तेव्हापासून त्या देवपणातून सुटका नाही.

दौंड स्टेशनवर उकडलेलं अंडं सोललं, तर हमालाने हातातून काढून घेतलं. "देवा, हे काय खाता?"

चर्चमध्ये पाळकसाहेब बोलेनात. पोरं खेळायला घेईनात. "देवाला औट कसं करायचं रं?"

दुसऱ्या सिनेमाच्या वेळी आबांच्या लक्षात आलं, सेटवर एकाच माणसाच्या तोंडाकडे कुणी बघत नाही.

कॅमेरामनच्या.

साठच्या दशकात, मिसरूड फुटल्यावर, ते त्याच्याच हाताखाली राहिले. लेन्सच्या पेट्या उचलल्या. काळ्या पिशवीत हात घालून, न बघता फिल्म भरायला शिकले. पुढे स्वतः कॅमेरामन झाले.

मला सांगायचे, "तिथं मी समद्यांना बघायचो. मला कुणीच न्हाई."

पण सुट्टीला दौंडात उतरले की टांगेवाला ओरडायचाच, "आले, देव आले!"

म्हणून आबा कधी फोटोला उभे राहिले नाहीत.

मी ठरवेपर्यंत काकांनी फ्लेक्सवाल्याला मुकुटाचा फोटो देऊनही टाकला होता. "लोक वळखतील तरी."

"काका, ते जन्मभर त्याच्यापासनंच पळाले."

"मग दुसरा हाय का तुझ्याकडं?"

होता.

मला डिग्री मिळाली तेव्हा आबांनी माझा फोटो काढला. माझ्यामागे कपाटाचा आरसा. त्यात ते दिसतात. तोंडापुढे कॅमेरा, एक डोळा मिटलेला.

"ह्यात तोंड कुठं दिसतंय?" काका वैतागले.

"त्यांना एवढंच दाखवायचं होतं."

काकांनी फोटो डोळ्यांजवळ नेला. मग म्हणाले, "डोळा मातुर त्येंचाच हाय."

फोटोतून मी स्वतःला कापून टाकलं. आरसा मोठा केला. आज सकाळी आमच्या चौकात तोच फ्लेक्स लागलाय.

आणि प्रार्थनेनंतर आलेल्या सगळ्यांना मी चहाबरोबर उकडलेली अंडी वाढली.

आबा, निवांत खा. आता कुणी हात धरणार नाही.