हर्नियाचं ऑपरेशन

माझ्या मुलीच्या पोटात, डाव्या बरगडीखाली, पेसमेकर आहे. आज हे सरळ लिहिते आहे, पण सहा वर्षं हे वाक्य माझ्या तोंडून घराबाहेर एकदाही निघालं नव्हतं.

ती तीन वर्षांची असताना ठाण्याच्या एका हॉस्पिटलात तो बसवला. तिचं हृदय जन्मापासून फार सावकाश चालायचं. चार पायऱ्या चढली की पोर पाचवीवर बसून राहायची. एवढ्या लहान मुलांच्या छातीत जागा नसते, म्हणून डबी पोटात ठेवतात आणि तिच्या तारा हृदयाला जोडतात, हे डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून समजावलं. निघताना पेसमेकरची माहिती असलेलं एक कार्ड दिलं आणि बजावलं, हे कायम मुलीजवळ हवं. गाडी कल्याणला पोचेपर्यंत सासूबाईंनी त्या कार्डाचा निकाल लावून टाकला होता.

"कुणी विचारलं तर हर्नियाचं ऑपरेशन म्हणायचं. मुलीची जात आहे. उद्या लग्नाच्या वेळी हीच माणसं बोट दाखवतील."

तीन वर्षांच्या मुलीचं लग्न! नवरा खिडकीबाहेर बघत राहिला, ती त्याची जुनी सवय. आणि मी हो म्हटलं. सासूबाईंना दोष देणं सोपं आहे, पुष्कळ दिलाही. पण खरं सांगायचं तर मला बरंच वाटलं होतं. सोसायटीतल्या बायकांचे कीव करणारे चेहरे मला नको होते. कार्ड माझ्या शालूच्या घडीत गेलं.

मग मी तिला शिकवलं. आंघोळीनंतर अंग पुसताना विचारायचे, "हा व्रण कसला?" ती म्हणायची, "हर्नियाचा." "दुखतं का?" "नाही, आता बरंय." पाढे म्हणून घ्यावेत तसं रोज म्हणून घ्यायचे. पोर हुशार, पटकन जमलं. शाळेच्या फॉर्मवरही मी तेच लिहिलं. दर सहा महिन्यांनी तपासणीला जाताना शेजारी सांगायचो, ठाण्याला तलावपाळीच्या तळ्यावर फिरायला चाललोय.

गेल्या वर्षी चुलत नणंदेचं लग्न ठरलं. घर पाहुण्यांनी भरलं आणि तपासणीची तारीख पुढे गेली. इतक्या जणांच्या देखत ठाण्याला कशाला चाललोय म्हणून सांगणार? हळद टिटवाळ्याला तिच्या घरी होती, सकाळची. नऊ वर्षांची माझी मुलगी इतर मुलींबरोबर नाचत होती. नाचता नाचता खाली बसली आणि तशीच आडवी झाली.

इमारतीतच तळमजल्यावर दवाखाना होता, तिथले डॉक्टर धावत वर आले. तोवर तिने डोळे उघडले होते. त्यांनी मनगट धरलं.

"नाडी मंद लागतेय. आधी काही आजार, ऑपरेशन?"

हळदीने माखलेल्या आत्या, मावश्या, काकवा सगळ्या दारात उभ्या होत्या.

"हर्निया," सासूबाई म्हणाल्या.

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. मी मान डोलावली. हो, डोलावली. माझी मुलगी जमिनीवर पडलेली होती आणि मी दारातल्या बायकांकडे बघून मान डोलावली.

ते म्हणाले, उपाशीपोटी नाचली असेल, पण ईसीजी काढून घ्या. घरी न जाता आम्ही गाडी करून थेट ठाण्याला गेलो, ती पिवळ्या झालेल्या परकर-पोलक्यात. तिथल्या तपासणी करणाऱ्या मॅडमनी पोटावर यंत्र ठेवलं आणि स्क्रीनकडे बघून डॉक्टरांना बोलावलं. बॅटरी संपत आली होती. अशा वेळी पेसमेकर आपला वेग कमी करतो, मूल दमायला लागतं, चक्कर येते, हे सगळं त्यांनी आम्हाला पहिल्याच वर्षी सांगितलं होतं.

"चक्कर कधीपासून येते गं, बाळा?" डॉक्टरांनी विचारलं.

"दिवाळीपासून."

"मग आईला का नाही सांगितलं? शाळेत बाईंना तरी?"

तिने आधी माझ्याकडे बघितलं. "माझ्या मैत्रिणीच्या आजोबांचं हर्नियाचं ऑपरेशन झालंय. त्यांना चक्कर येत नाही. मला येते म्हटलं असतं तर सगळ्यांना कळलं असतं ना."

डॉक्टरांनी ते तसंच केसपेपरवर लिहून घेतलं. माझ्यावर रागावले असते तर बरं झालं असतं.

दोन दिवसांनी जुनी डबी काढून नवीन बसवली. आम्ही घरी आलो तेव्हा मी मनाशी पक्कं केलं होतं, आता पुरे. समोरच्या काकू बघायला आल्या, काय झालं म्हणाल्या. मी तोंड उघडायच्या आत पलंगावरून आवाज आला, "हर्निया, काकू. परत झालेला. आता बरंय." मीच शिकवलेला तो सूर.

"हर्निया नाही," मी म्हटलं. "तिला पेसमेकर आहे. तीन वर्षांची होती तेव्हापासून."

सासूबाई उठून आत गेल्या. काकू जरा वेळ बसल्या, काळजी घ्या म्हणाल्या आणि गेल्या. एवढंच. सहा वर्षं ज्याला घाबरलो ते इतकंच होतं. मी मुलीकडे वळले. तिने चादर गळ्यापर्यंत ओढली होती आणि ती रडत होती.

"तू का सांगितलंस? आता माझं लग्न नाही होणार."

हे मी तिला शिकवलं नव्हतं. तिच्यासमोर बोललं जायचं, तेव्हा मी फक्त गप्प बसायचे.