पापड लाटायला

आमच्या वाडीत बी.ए. झालेली मी पहिलीच. त्याचं कौतुक चार दिवस टिकलं. बरोबरीच्या मुली लग्न होऊन गेल्या होत्या, उरलेल्या माझ्याशी जपून बोलायला लागल्या. वडील मुंबईला गिरणीत. त्या उन्हाळ्यात मी पावसहून रोज एस.टी.ने रत्नागिरीला टायपिंगच्या क्लासला जायचे, आणि दिवसभरात माझ्याशी धड बोलणारा एकच होता, शेजारच्या मशीनवरचा मुलगा.

तोही फार बोलायचा नाही. रिबीन अडकली की न विचारता सोडवून द्यायचा. एकदा सर ओरडले, "अहो बाई, मशीन आहे ते! मिरच्या कुटताय काय?" सगळे हसले. तो हसला नाही. त्या दिवसापासून आम्ही स्टँडपर्यंत बरोबर चालायला लागलो, मध्ये हातभर अंतर ठेवून.

मे महिन्यात एकदा तो वाटेत थांबला. चप्पल बघत म्हणाला, "रविवारी आमच्याकडे फणसाचे पापड करायचेत. तुम्ही याल लाटायला?"

माझी आई उन्हाळाभर बागायतदारांच्या पडव्यांत रोजावर पापड लाटायची. रात्री तिला मान वळवता यायची नाही. माझ्या डोक्यात एकदम सणक गेली.

"मी बी.ए. झालेय ती लोकांचे पापड लाटायला नाही. बाई हवी असेल तर आमच्या वाडीत पुष्कळ आहेत."

त्याचे कान लाल झाले. "तसं नव्हतं," एवढंच म्हणाला.

पुढे परीक्षेपर्यंत तो मान खाली घालून टाइप करत राहिला. परीक्षा देऊन बाहेर पडलो तेव्हा म्हणाला, "उद्या चिपळूणला हजर व्हायचंय, नोकरीवर." मग चप्पल बघत, "आईला तुम्हाला बघायचं होतं. एकटीला घरी बोलावलं तर आळीभर चर्चा. पापडांना सगळ्याच येतात, कुणाच्या लक्षात येणार नाही, असं तिचं म्हणणं."

"मग काय सांगितलंत त्यांना?"

"गाडी चुकली असेल, म्हटलं."

म्हणजे माझं बोलणं त्याने घरी कळूच दिलं नव्हतं. आत्ता येते म्हणाले असते तरी चाललं असतं. पण चुकलं म्हणायची मला फारशी सवय नव्हती. शिकल्यावर होती तीही गेली.

"बरंय, निघते," मी म्हणाले.

स्टँडवर आले तर पावसच्या गाडीला तासभर होता. त्याचं घर स्टँडच्या मागच्या आळीत, चालत दहा मिनिटं. मी बाकावरून उठले नाही. गाडी लागली तेव्हा सगळ्यांच्या आधी चढले.