मार्थाबाईंच्या कोशिन्या

वाफाळत्या उकडीत मार्थाबाई थेट हात घालायच्या. परातीतून एवढी वाफ उठायची की जामखेडकरांनी पावसाच्या आशेनं छत्र्या झटकाव्यात, आणि तेही बहात्तरच्या दुष्काळात. बाई मात्र शांतपणे मळत म्हणायच्या, "निवली की ऐकत न्हाई ती, गुरुजी. गरम हाय तवरच वळवायची."

मी तिथं शाळामास्तर होतो आणि मार्थाबाई मिशनच्या दवाखान्यात स्वयंपाकीण. दवाखान्यातल्या ब्राझीलच्या नर्सबाईंनी त्यांना तिकडचा एक पदार्थ शिकवला होता, कोशिन्या. कोंबडी शिजवायची, तिच्याच पाण्यात मैद्याची उकड काढायची, पारीत मऊ पिंजलेली कोंबडी भरून वर टोक काढायचं. मग अंड्यात बुडवून, टोस्टच्या चुऱ्यात घोळवून तळायचं. रूप मोदकाचं, पोटात कोंबडी. त्यांच्या चुलीपाशी बसून मी इतक्या कोशिन्या हाणल्या की तालुक्यातल्या कोंबड्या मला पाहून रस्ता बदलत. एखादीचं टोक मोडलं की बाई ती माझ्या ताटलीत टाकत. "बिघडल्यालं गुरुजीला. त्यांचं दात काय बगत न्हाईत."

पुढं नर्सबाई मायदेशी निघाल्या आणि ते स्वयंपाकघर बंद होणार असं ठरलं. त्याच सुमारास आमच्या शाळेच्या वसतिगृहात स्वयंपाकिणीची जागा निघाली. बाई विधवा, दुष्काळात दुसरं काम कुठलं? अडचण एकच. बाई ख्रिस्ती होत्या, आणि त्याआधीची त्यांची जात गाव विसरलं नव्हतं. मी छाती फुगवून सांगितलं, शाळेचे चेअरमन माझ्या मुठीत आहेत, त्यांना तुमच्या कोशिन्या खाऊ घालू. बाई म्हणाल्या, "तर आदी माझं नाव सांगा, मंग खायला घाला." मी म्हटलं, उलट करू. आधी जिभेला पटवू, नाव मागून.

रविवारी माझ्या खोलीवर चेअरमन आणि कमिटीचे चौघे जमले. चेअरमननी एकट्यानं नऊ संपवल्या. बोटं चाटत त्यांनी विचारलं, "मास्तर, कुनाच्या हातचं म्हनायचं हे?" चौघांचे हात ताटलीवरच थांबले. दारात मार्थाबाई दुसरा घाणा घेऊन उभ्या होत्या.

एरवी माझी जीभ घोड्यासारखी उधळते. त्या दिवशी ती तोंडात मेली. मग जिवंत झाली ती नको तेव्हा. "माझ्या मावशीनं पाठवलंय, नगरहून," मी म्हणालो.

चेअरमननी दाराकडं पाहिलं. "आन ही?"

मी काही बोलायच्या आत बाईंनीच उंबऱ्याबाहेर ताट ठेवलं. "मी निस्तं गरम करून आनलं, मालक, हात न्हाई लावला," त्या म्हणाल्या आणि निघून गेल्या. कमिटीनं समाधानानं दुसरा घाणाही संपवला. मीही दोन खाल्ल्या. हे कधी कुणाला सांगितलं नाही, पण खाल्ल्या.

जागा दुसरीला मिळाली. बाई पुण्याकडं निघाल्या त्या दिवशी मी एसटी स्टँडवर गेलो आणि काहीबाही सबबी रचू लागलो. त्यांनी गाठोडं मांडीवर घेतलं.

"तुमी नाव घेतलं असतं तरी काम मिळालं नसतं, गुरुजी. ते मला ठाव हुतं. पन घ्यायचं हुतं."

गाडी गेली. पुढं हा किस्सा मी कितीदा तरी रंगवून सांगितला. त्यात मी उठून उभा राहतो, मार्थाबाईंचं नाव घेतो आणि चेअरमनची बोबडी वळते. ऐकणारे माझी पाठ थोपटतात.