बदलीकाकांची भूमिका

बदलीकाका गेल्या हिवाळ्यात नागपूरच्या रामदासपेठेतल्या एका दवाखान्यात वारले. दुसऱ्या दिवशी पेपरात चार ओळी आल्या. त्यात ‘झाडीपट्टी रंगभूमीवरील ज्येष्ठ ऑर्गनवादक’ असा उल्लेख होता.

काका आमच्या शेजारचे, विणकर घरातले. माग विकल्यावर ते कळमन्याच्या बाजारात एका अडत्याकडे धान्य तोलायला जात. दिवाळी ते होळी मात्र ते नाटक कंपनीबरोबर पूर्वेकडच्या झाडीपट्टीतल्या गावांत असत. रंगमंचापुढे बसून ऑर्गन वाजवत, बसल्या जागेवरून गात. एखादा नट आजारी पडला की रंग लावून वर जात. त्यांनी राजा केला, दारुड्या केला, सासूही केली. प्रवेश संपला की मुकुटासकट खाली उतरून पुन्हा ऑर्गनवर बसत. बदली हे नाव त्यावरून पडलं. स्वतःची भूमिका त्यांना कधी मिळाली नाही.

“मले सारंच येते, तेच लफडं हाय,” ते म्हणत.

साठी उलटल्यावर मिळाली. नव्या नाटकातला बाप. तो पहिल्या प्रवेशापासून शेवटपर्यंत रंगमंचावर असतो, म्हणून मालकाने वडशाहून दुसरा ऑर्गनवाला ठरवला. पहिला प्रयोग नागपुरातच होता. पोस्टरवर काकांचं नाव नटांच्या यादीत छापलं गेलं.

या नाटकांत पाठांतर फारसं कोणी करत नाही. विंगेतला प्रॉम्टर पुस्तकातून वाक्य देतो, नट ते उचलतो. काकांनी बाप तोंडपाठ केला. पोत्यांमध्ये उभे राहून ते वाक्यं म्हणत. ऐकून ऐकून हमालांनाही नाटक पाठ झालं. एक जण पाठीवर पोतं घेऊन जाता जाता मुलीचं उत्तर द्यायचा, “बाबा, मले त्या घरी नका पाठवू,” आणि काका काटा सोडून त्याची समजूत काढायचे.

प्रयोगाला आमची सगळी गल्ली आली होती. काकू पुढच्या रांगेत होत्या. “काकू, आजपासून काका परमनंट झाले,” कोणीतरी म्हणालं. काकू हसल्या.

मी आत रंगपटात गेलो तेव्हा काकांची पांढरी दाढी चिकटवून झाली होती. मालक फोन हातात धरून आला.

“भाऊ, ऑर्गनवाल्याची गाडी उमरेडच्या तिकडं बंद पडली.”

“मंग थांबू ना थोडं.”

“हॉलवाला थांबू देत नाही.”

“पेटीबिगर करू.”

“नांदी कशी होईन? बारा गाणे हायेत नाटकात.”

“अन् माहा बाप?”

“बापाले कोनालेही उभा करतो. प्रॉम्टर देते ना वाक्य. पेटी कोन देईन पुस्तकातून? तुम्हीच सांगा.”

काकांनी आरशात पाहून दाढी काढली, मालकाच्या हातात दिली आणि खाली गेले. गालाला डिंक तसाच होता.

“काहून गा काका, खाली कायले बसले? वर जा ना,” मागून आवाज आला. काकूंनी वळून त्या माणसाकडे पाहिलं. काकांनी नांदी सुरू केली.

बाप मालकाच्या मेव्हण्याने केला. शेवटच्या प्रवेशात बाप मुलीला परत घरात घेतो. तिथे ढोलकीच्या आवाजात प्रॉम्टर ऐकू येईना. मेव्हणा थांबला. काकांनी ऑर्गनवरचे हात न थांबवता, मान वर न करता वाक्य दिलं. मेव्हण्याने ते उचललं. टाळ्या बराच वेळ चालल्या.

परतताना रिक्षात काकू म्हणाल्या, “पुढच्या टायमाले करान तुम्ही.”

“जमलं त्याले,” काका म्हणाले.

पुढच्या प्रयोगाला वडशाचा ऑर्गनवाला वेळेवर आला. बाप मेव्हण्याकडेच राहिला. काकांना त्या हंगामात दोनदा सासू करावी लागली. पोस्टर होळीपर्यंत तेच होतं.

काकांच्या तेरवीला गल्लीतलं भजनी मंडळ आलं. काकांची पेटी कोपऱ्यात पाटावर होती, झाकलेली. ती वाजवणारं कोणी नव्हतं. भजन टाळांवर झालं.