मिस्टरांचे ग्लोव्ह्ज

गार्चिंगहून सकाळी सातला आमची गाडी येनाकडे निघाली, तेव्हा मागच्या सीटवर मी होतो आणि मांडीवर, प्लास्टिकच्या पिशवीत, माझं पाप होतं.

गाडी चालवत होते माझे मेहुणे श्रीपादराव, माझ्या धाकट्या बहिणीचे, स्मिताचे यजमान. जर्मनीत, म्युनिकजवळ मोटारींच्या ब्रेकची कामं करतात. त्यांच्या शेजारी मिस्टर, मूळचे पोर्तुगीज. पोर्तुगालमध्ये फुटबॉलच्या प्रशिक्षकाला खेळाडू 'मिस्टर' म्हणतात, म्हणून उंटरश्लाइसहाइमच्या हौशी क्लबातही सगळे त्यांना तेच म्हणतात. वय साठीच्या आसपास, पंजे सुपाएवढे. दिवसा गोदामात खोकी उचलायची, संध्याकाळी श्रीपादरावांसारख्या आपल्या इंजिनिअर मंडळींना पळवायचं. आज येनाच्या एका क्लबात त्यांची पगारी मॅनेजरच्या जागेसाठी मुलाखत होती.

"या वयात पुन्हा कोण बोलावणार, दादा?" श्रीपादराव आदल्या दिवशी म्हणाले होते. "ही शेवटचीच."

मी कोल्हापूरचा. पेठांच्या मॅचसाठी मी लग्नाच्या पंगती सोडल्या आहेत. त्यामुळे मिस्टरांची कारकीर्द मला आठवडाभरात पाठ झाली. अठरा वर्षं गोलकीपर, तीही बहुतेक बाकावर, राखीव म्हणून. पहिल्या डिव्हिजनमध्ये उतरले एकदाच, मुख्य गोलकीपरचं बोट मोडलं म्हणून, आणि शेवटच्या मिनिटाला पेनल्टी अडवली. त्या दिवसाचे ग्लोव्ह्ज चिखलासकट तसेच ठेवलेले. पुढे मॅनेजर झाले. पोर्तुगाल, सायप्रस, अंगोला. जिथून जिथून काढून टाकलं, तिथे तिथे ते ग्लोव्ह्ज त्यांच्याशेजारी बाकावर होते.

येनाला न्यायला मिस्टरांनी श्रीपादरावांच्या डिकीत ठेवलेली ती पिशवी मंगळवारी घरी आली. बहिणीकडे आयतं बसून खाणं माझ्या जिवावर येतं, म्हणून मी भांडी घासतो, कपडे मशीनला लावतो. पिशवीतले ग्लोव्ह्ज फार मळलेले दिसले; कुणाचे, ते विचारायचं सुचलं नाही. साठ डिग्री, दोन झाकणं साबण. बाहेर आले ते पांढरेशुभ्र, लव्हेंडरच्या वासाचे आणि माझ्या भाचीच्या मापाचे.

स्मिताने कपाळाला हात लावला. "अरे दादा, तो चिखल म्हणजे त्यांचा अंगारा होता! ह्यांना मी काही सांगणार नाही. तुझं तू निस्तर."

वाटेत बिअरमध्ये घालतात त्या हॉप्सच्या वेलींचे उंच मांडव लागले. थेट आपल्याकडचे पानमळे. एरवी मी फोटो काढले असते. न्यूर्नबर्गच्या पुढे रास्टश्टेटेवर, म्हणजे हमरस्त्यावरच्या थांब्यावर, कॉफीला उतरलो आणि मिस्टरांनी हात पुढे केला. "ग्लोव्ह्ज द्या. मुलाखतीआधी एकदा हात लावतो."

मी उभा राहिलो आणि चक्क हात जोडले. "मिस्टर, मी ते धुतले."

"दादा!" श्रीपादरावांची कॉफी सांडली आणि तोंडून जर्मन सुटलं. "आल्झो... काय केलंत काय तुम्ही हे!"

मिस्टरांनी ग्लोव्हमध्ये हात घालून पाहिला. दोनच बोटं शिरली. त्यांनी वास घेतला आणि खाली बसले. एवढा उंच माणूस, पण घडी घातल्यासारखा दिसला. मी बोलतच सुटलो, की मी लहानपणापासून असाच, न विचारता मदत करतो, वडिलांचा रेडिओसुद्धा मी ओल्या फडक्याने आतून पुसला होता.

"दादा, रेडिओ राहू द्या," श्रीपादराव म्हणाले.

तेवढ्यात मिस्टर हळूच बोलले. "बॉल या ग्लोव्ह्जना लागलाच नव्हता."

"म्हणजे?"

"पेनल्टी पोस्टला लागून बाहेर गेली. मी भलत्याच बाजूला पडलो होतो. चिखल तेवढा खरा. पण पेपरवाल्याने लिहिलं, अडवली. आईने कात्रण फ्रेम करून भिंतीवर लावलं. मग कुणाला सांगणार?" ते माझ्याकडे वळले. "आज ते विचारणार, सगळ्यात मोठी कामगिरी कोणती. काय सांगू?"

"खरं सांगा," मी म्हणालो आणि लगेच घाबरलो. ग्लोव्ह्ज तर घालवलेच, आता या माणसाची नोकरीही घालवत होतो.

येना हे डोंगरांच्या ओंजळीत बसलेलं, भिंगं घडवणाऱ्यांचं गाव. मिस्टर आत गेले आणि आम्ही 'झाले' नावाच्या नदीच्या काठी थांबलो. काळजीने मला भूक लागते. निखाऱ्यावर भाजलेलं, हातभर लांब ब्राटवुर्स्ट सॉसेज अर्धं खाल्ल्यावर आठवलं, आज शनिवार, माझा मारुतीचा उपास. उरलेलं मी मेहुण्यांपुढे धरलं.

"गेनाऊ! बरोबर! म्हणजे आता मारुती माझ्या मागे," असं म्हणत त्यांनी ते खाल्लं.

दीड तासाने मिस्टर आले. गोलकीपरचा चेहरा, काही कळेना.

"खरं सांगितलंत?" मी विचारलं.

"सांगितलं. आधी सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. मग अध्यक्ष टेबल बडवून हसले."

"मग?"

"मॅनेजर म्हणून एका तरुणाला घेतलं. मला त्याचा सहायक केलं. पगारी."

माफी मागायला मी तोंड उघडलं, तोच तो सुपाएवढा पंजा माझ्यापुढे आला. "पुरे, सेन्योर! अठरा वर्षं दुसरा होतो मी. या जागेचा माझ्याइतका अनुभव आहे कुणाला?"

मी कोल्हापूरला परतलो. माझ्या सल्ल्याने त्यांची मोठी जागा गेली की लहान जागा मिळाली, याचा निकाल मला अजून लावता आलेला नाही. परवा तालमीच्या कट्ट्यावर मी ही सगळी कारकीर्द सांगायला बसलो. पेनल्टीचा निकाल गाळून अंगोलापर्यंत आलो असेन, तोच मागून एकजण ओरडला, "ते ऱ्हाऊ दे भावा, पेनल्टीचं काय झालं त्या?"

सगळा कट्टा माझ्याकडे बघत होता.

"अडवली," मी म्हणालो. "डावीकडं झेप टाकून, एका हातानं."

आणि आयुष्यात पहिल्यांदाच मला कशाबद्दलही वाईट वाटलं नाही.