शेजाऱ्यांच्या दारावर आमची नोटीस

मी तोंडाची फटकळ. माहेरी-सासरी दोन्हीकडचं सर्टिफिकेट आहे त्याचं. पण झाशीत, खंडेराव गेटजवळच्या आमच्या गल्लीत, मान खाली घालून कधी चालले नव्हते. ती पाळी ह्यांच्या फ्लेक्स छपाईच्या मशीननं आणली. मशीनसाठी घर गहाण टाकलं होतं. लॉकडाऊनमध्ये लग्नं नाहीत, सभा नाहीत, बॅनर कोण छापून घेणार? हप्ते तुंबले आणि शेवटी बँकेनं घर लिलावाला काढलं.

लिलावाची नोटीस घरावर चिकटवावी लागते. बँकेची माणसं भरदुपारी आली, नोटीस चिकटवली, फोटो काढला, गेली. कुठे चिकटवली? शेजारच्या मास्टरजींच्या दारावर! दोन्ही दारं हिरवी, नंबर पुसट झालेले. मेल्यांचे डोळे कुठे होते देव जाणे. आणि नेमकं त्याच संध्याकाळी मास्टरजींच्या मुलीला बघायला टहरौलीहून पाहुणे यायचे होते. दारावर 'लिलाव' वाचून कोण उंबरा ओलांडेल?

मास्टरजी कपाळाला हात लावून ओट्यावर बसलेले. मी मागचापुढचा विचार केला नाही. गोंद ओला होता तोवर कागद अलगद सोडवला, घरी कणकेची खळ शिजवली आणि आमच्या दारावर, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसेल असा, चिकटवून टाकला.

हे धावत बाहेर आले. "अगं, डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

"कर्ज आपलं, मग लाज त्यांनी का काढून घ्यायची?" म्हटलं, आणि आत जाऊन भरपूर रडले. फटकळ माणसालाही रडू येतं हो.

प्रयागराजला कर्जवसुलीच्या कोर्टात अर्ज केला. आमची वकील म्हणजे माझ्या लेकीच्या वयाची पोरगी. सगळं ऐकून किंचाळलीच. "आंटीजी, चुकीच्या घरावर नोटीस लागली हाच तर आपला मुद्दा! तो आपल्याच हातानं पुसलात?" मग हळूच म्हणाली, विचारल्याशिवाय काही बोलू नका.

तिसऱ्या तारखेला बँकेच्या वकिलांनी आमच्या दाराचा फोटो पुढे केला. घर बघायला आलेल्या कुणा गिऱ्हाइकानं काढलेला. "नोटीस बरोबर घरावरच होती, साहब."

पोरगी माझा पदर ओढत होती. मी उभी राहिलेच. "साहब, वो मैंने चिपकाया है।" आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं.

मास्टरजी आमच्याबरोबर आले होते, स्वतःच्या तिकिटानं. तेही उठले. भरल्या कोर्टात म्हणाले, हो, नोटीस माझ्या दारावर लागली होती. ज्या माणसाची बदनामी होऊ नये म्हणून मी खळ शिजवली, तो माणूस आमच्यासाठी सगळ्यांसमोर उभा राहिला. तेव्हा मला जो अभिमान वाटला, तो माझ्या लेकीच्या पदवीलाही वाटला नव्हता.

कोर्टाच्या साहेबांनी बँकेच्या माणसांनी त्या दुपारी काढलेला फोटो मागितला. फाइलीतून निघाला. त्यात मास्टरजींच्या नावाची पाटी स्वच्छ दिसत होती.

"कर्जदार बाईनं बँकेचं काम केलं," साहेब म्हणाले, "म्हणून ते बँकेनं केलं असं होत नाही." लिलावाला स्थगिती मिळाली. अट एवढीच, की काही रक्कम महिनाभरात भरायची, बाकीची हप्त्यांनी. माझ्या बांगड्या गेल्या, मशीन विकलं, ह्यांनी लक्ष्मी गेटजवळ दुसऱ्याच्या दुकानात नोकरी धरली. पण फेडलं आम्ही, पै न् पै.

त्या दिवशी कोर्टाच्या जिन्यात बँकेचे वकील भेटले. माणूस वाईट नव्हता. म्हणाले, "माताजी, कागद होता तिथेच राहू दिला असता, तर तुमचं काम पहिल्याच तारखेला झालं असतं."

"झालं असतं, भैया," मी म्हटलं. "घरही सहज राहिलं असतं. पण रोज सकाळी दार उघडून मास्टरजींना तोंड कुठलं दाखवलं असतं?"