डोंगर नावाची सवत

बायकांच्या नशिबी सवत आली तर ती बाई असते. माझ्या नशिबी डोंगर आला.

डोंगर न्यूझीलंडातला. देखणा, एकटा, डोक्यावर बर्फ. मी त्याला कधी पाहिलं नव्हतं, पण वेल्समधल्या कार्डिफच्या आमच्या घरात तो सगळीकडे होता. फ्रिजवर त्याचा फोटो, जिन्यात त्याचा जुना नकाशा आणि जेवणाच्या टेबलावर त्याच्या गप्पा. मीठ माझ्याकडे सरकवताना हे म्हणायचे, "काय अन्याय झालाय गं त्याच्यावर!" मला आधी वाटायचं, वरणावर बोलताहेत.

गोष्ट दोन हजार चार-पाचची. आमचे हे युनिव्हर्सिटीत इतिहास शिकवायचे. माओरी लोक आणि त्यांच्या देशात जाऊन राहिलेले गोरे, हा त्यांचा विषय. तेव्हा त्यांचं जे पुस्तक चाललं होतं ते नावांबद्दल होतं. गोरा माणूस जहाजातून उतरला की आधी काय करतो? नाव ठेवतो. नदीला, खाडीला, डोंगराला. त्या बिचाऱ्या डोंगराला पिढ्यानपिढ्या स्वतःचं नाव होतं. एका गोऱ्या खलाशाने लांबूनच त्याच्याकडे बघून त्याला विलायतेतल्या कुठल्याशा लॉर्डचं नाव देऊन टाकलं. तो लॉर्ड त्या बाजूला कधी फिरकलाही नव्हता. आमचे हे सांगायचे, जमीन पुढे कागदावर गेली, पण घेतली गेली ती त्याच दिवशी.

मी तेव्हा हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्ताचे नमुने उतरवून घ्यायचे. नळीवरचं नाव आणि कागदावरचं नाव जुळल्याशिवाय नमुना पुढे सोडायचा नाही, एवढंच माझं काम. वय पंचावन्न. आज मागे वळून बघते तर वाटतं, काय लहान पोर होती ती! केसांना मेंदी, नाकावर राग, आणि घरात सवत आल्यासारखा तोरा. एकदा तर तिने फ्रिजवरचा डोंगर उलटा लावला होता. यांना चार दिवस पत्ता नाही. पाचव्या दिवशी लागला, तर म्हणाले, "ढग खाली कसे आले?"

त्या हिवाळ्यात पाहुणी आली. ती त्या डोंगराखालच्याच लोकांतली, स्वतः इतिहासाची प्राध्यापक. जुने नकाशे बघायला तीन महिन्यांसाठी आलेली. माझ्याच वयाची, अंगाने भरदार, हनुवटीवर गोंदलेलं. हसली की खोली हसायची. हिला आमच्या यांनी स्टेशनवरून आणलं, फ्लॅटची किल्ली मिळवून दिली आणि दोन दिवस गाव दाखवत हिंडवलं. लग्नानंतर मी पहिल्यांदा इथे विमानातून उतरले होते तेव्हा हे मीटिंगमध्ये होते आणि मला न्यायला त्यांचा घरमालक आला होता. पण मी बोलले नाही हं. मी फक्त भांडी जरा जोरात घासली.

मग यांचं मोठं लेक्चर झालं. हॉल भरलेला. मी पहिल्या रांगेत, मांडीवर यांचा मफलर. नाव पुसणं म्हणजे माणूस पुसणं, असं काहीसं हे बोलले. गळा दाटून आला होता त्यांचा. एका डोंगरासाठी! माझ्या वडिलांच्या निधनाची बातमी आली तेव्हा एवढा दाटला नव्हता.

टाळ्या संपल्या आणि पाहुणी उभी राहिली. प्रश्न विचारेल म्हणून सगळे वळले, तर ती गायला लागली. एकटी, हातात कागद नाही, भर हॉलमध्ये, माझ्या नवऱ्याकडे बघून! त्यांच्यात रीतच तशी, हे मला नंतर कळलं. कुणी बोलला की त्याच्या माणसांनी उठून गाणं म्हणायचं. गाणं झालं नाही तर त्याचं बोलणं उघडं पडतं, त्याच्यामागे कुणी नाही असं दिसतं.

शेजारी बसलेली माझी इथेच वाढलेली लेक डोळे पुसत तिच्या मोडक्या मराठीत म्हणाली, "आई, किती ब्यूटिफुल गाणी म्हटला तिने. तू पण काहीतरी म्हण ना."

"मी मफलर आणलाय," मी म्हणाले.

पण आतून जळत होते. यांच्या मागे उभं राहायला तीस वर्षं मी होते, आणि गाणं कुणी म्हटलं? बरं, मला काय येत होतं? ऐन वेळी हळदीकुंकवाचा उखाणा तेवढा आठवला. तो घेतला असता तर व्हाइस चान्सलर काय म्हणाले असते, कोण जाणे.

यांनी तिला शनिवारी जेवायला बोलावलं. मला विचारून नाही, सांगून. मीही हट्टाला पेटले. भरली वांगी, मटकीची उसळ, अळूवडी, श्रीखंड. म्हटलं, गाणं तुझं, वांगी माझी, बघू कोण जिंकतं. ती दाराशी आली, चपला बाहेर काढल्या, मला घट्ट धरून माझ्या कपाळाला कपाळ आणि नाकाला नाक लावलं. मला तिचा राग करायचा होता हो. इतक्या जवळून राग करणं फार अवघड असतं.

जेवताना तिने मला नाव विचारलं. मी सांगितलं.

"आणि तुझी आई तुला काय म्हणायची?"

"वेगळं नाव होतं," मी म्हणाले. "लग्नात बदललं."

"आडनाव?"

"आडनाव तर बदललंच. नावही."

तिने घास खाली ठेवला. "कुणी बदललं?"

तेव्हा मी तिला रीत सांगितली. लग्न लागलं, मुलगी सासरी आली की ताटात तांदूळ पसरतात. नवरा सोन्याची अंगठी घेऊन त्या तांदळात तिचं नवं नाव लिहितो. मग पेढे वाटतात आणि सगळ्यांना सांगतात, आजपासून हिला असं हाक मारा.

आमच्या यांचा हात अळूवडीपाशी जाऊन थांबला होता.

पाहुणी त्यांच्याकडे वळली. "प्रोफेसर," ती हळूच म्हणाली, "तांदळात?" आणि मग जी हसली, जी हसली, की ग्लासातलं पाणी हललं. "यू आर द सेलर! जहाजातून उतरलेला खलाशी तूच की रे!"

"नाव आईने ठरवलं होतं," हे म्हणाले. त्यांचा आवाज एवढासा झाला होता. "मी फक्त लिहिलं."

"खलाशीही राजासाठीच लिहायचे," ती म्हणाली.

मला खरं तर गुदगुल्या व्हायला हव्या होत्या. पण तिने मला माझं जुनं नाव विचारलं, मी सांगितलं, आणि तिने ते लगेच उच्चारलं. छान, स्पष्ट. इतक्या वर्षांनी ते नाव माझ्या घरात ऐकू आलं, आणि तेही तिच्या तोंडून! पुन्हा तीच पहिली! मला ते यांच्याकडून हवं होतं. इतकी वर्षं हवं होतं, हे मला त्या टेबलावरच कळलं. तोवर मी समजत होते की मला डोंगराचा राग येतो. राग नव्हता, हेवा होता. त्याचं नाव त्याला परत मिळावं म्हणून कुणीतरी रात्रंदिवस झटत होतं.

म्हणून मी यांच्याकडे वळले आणि मराठीत म्हणाले, "अहो, तिला कळलं. तुम्हाला आठवत होतं का?"

"म्हणजे काय! आत्ता तूच तर…"

"आत्ताचं सोडा. काल रात्री कुणी विचारलं असतं तर?"

खोटं बोलणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. ते म्हणाले, "काल विचारलं असतं तर…" आणि त्यांनी एक नाव घेतलं.

माझ्या धाकट्या बहिणीचं.

"बघायला आलो तेव्हा पोहे आणले होते ना…"

"पोहे मी केले होते," मी म्हणाले. "आणले तिने."

पाहुणीला मराठीचा एक शब्द कळला नाही, पण तिने आमच्या तोंडांकडे बघितलं आणि श्रीखंडाचं भांडं आपल्याकडे ओढून घेतलं. शहाणी बाई.

तुम्ही म्हणाल, नाव गेलं तर गेलं, नवं तर होतं. सांगते. लग्नानंतर यांनी मला त्या नव्या नावाने एकदाही हाक मारली नाही. 'अगं' म्हणायचे. मीही 'अहो' म्हणायचे. एवढा तांदूळ सांडून नाव बदललं आणि ते वापरायचं नव्हतंच! त्या खलाशाने निदान नकाशावर तरी लिहिलं.

दुसऱ्या दिवशी रविवार. मी स्वयंपाकघरात, पाठमोरी. हॉलमध्ये हे फोनकार्ड घेऊन इंडियाला फोन लावत होते. माझ्या बहिणीशी बोलत होते. काय हे धाडस, मनात म्हटलं, आता उघड उघड! पण कान दिला तर म्हणत होते, "हो, हो, पण शाळेत काय म्हणायचे? आणि घरी? आणि हे नाव ठेवलं कुणी, आत्यानेच ना?" इतिहासकार तो. चूक झाली की मूळ साधनांकडे जायचं, एवढंच त्यांना येत होतं.

मग ते दारात आले आणि त्यांनी माझं नाव घेतलं. नीट, सावकाश, त्या डोंगराचं घ्यायचे तसं.

मी वळले नाही. वळले असते तर रडले असते, आणि पंचावन्नाव्या वर्षी मेंदीच्या केसांनी रडणं चांगलं दिसत नाही. मी म्हणाले, "बहिणीकडून आणलंत ना?"

"हो. पोह्यांसारखं नको व्हायला म्हणून आधीच सांगतो. आणलं तिच्याकडून, केलेलं तुझ्या आत्याचं." आणि त्यांनी ओट्यावर ताट ठेवलं. त्यात तांदूळ पसरलेले. बोटातली अंगठी काढून माझ्यापुढे धरली. "जुनं परत लिही. तूच लिही."

मी अंगठी घेतली. बासमतीत वेलांटी नीट उमटत नाही. लग्नातला तांदूळ बुटका आणि ऐकणारा होता, हा लांबोडका सारखा घसरतो. तरी लिहिलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं.

"हे काय? हे कुणाचं?"

"तुमचं. आजपासून तुम्हाला याच नावाने हाक मारणार."

"माझं? अगं, माझ्या पीएचडीच्या सर्टिफिकेटवर…"

"माझंही मॅट्रिकच्या सर्टिफिकेटवर होतं."

त्यांनी चष्मा पुसून ताटातलं नाव पुन्हा एकदा वाचलं. मग म्हणाले, "पेढे आहेत का घरात?" नव्हते. श्रीखंडाचं भांडं पाहुणीने साफ केलं होतं. आम्ही बोर्बन बिस्किटं खाल्ली.

त्या दिवसापासून घरात आमच्या इथल्या रस्त्यांवरच्या वेल्श-इंग्रजी पाट्यांसारखी सोय झाली, दोन दोन नावं, वर एक, खाली एक. 'अगं'च्या पुढे माझं नाव यायला लागलं. 'अहो' मात्र मी सोडून दिलं. नवं नाव यांना इतकं शोभायचं की काय सांगू! कुठलं, ते नातीने कितीदा विचारलं. मी सांगत नाही. ते माझं आहे, मी ठेवलंय.

पण हे पडले भोळे. मोठ्या कौतुकाने त्यांनी पाहुणीला सांगितलं. ती परत गेल्यावर महिनाभराने फोन आला. लांबचा, आवाजात घरघर. तेच हसू. तिने विचारलं, "तो आहे का घरात?" आणि मी ठेवलेलं नाव घेतलं, छान, स्पष्ट.

हे समोरच बसले होते, चहाचा कप हातात.

"सॉरी," मी म्हणाले, "राँग नंबर."